धुराडं उजव्या हाताला

१

आमच्या आजोबांचा डावा कान ही घरातली सगळ्यात भरवशाची जागा होती. तरुणपणी लढाईत त्यांच्या डाव्या अंगाला तोफगोळा फुटला आणि तो कान जो बंद झाला तो कायमचा. त्यामुळे जेवणाच्या टेबलाशी आपोआपच एक वाटणी झाली होती. ज्याला आजोबांशी बोलायचंय त्याने त्यांच्या उजवीकडे बसायचं आणि ज्याला नुसतंच मन मोकळं करायचंय त्याने डावीकडे. आई त्या कानाशी माझ्या नवऱ्याची गाऱ्हाणी सांगायची. नवरा आईची सांगायचा. मी दोघांचीही सांगायचे. आजोबा बशीतलं संपवत सगळ्यांना सारखीच मान डोलवायचे आणि प्रत्येकाला वाटायचं, ते आपल्याच बाजूचे आहेत.

त्या संध्याकाळी डावी खुर्ची माझ्या वाट्याला आली. दिवस वाईट गेला होता. पाव तोडता तोडता मी त्यांच्या कानाशी वाकले आणि पुटपुटले, "तुमचं नाक काही केल्या जमत नाहीये हो मला. नुसता बटाटा झालाय."

"बटाटाच होता," आजोबा म्हणाले. "तुझ्या आजीने पहिल्या भेटीतच सांगितलं होतं."

मी पोट धरून हसले. आई स्वयंपाकघरातून हात पुसत आली, काय झालं म्हणून विचारायला लागली. तिला सांगायला तोंड उघडलं, आणि मग माझ्या लक्षात आलं की मी कुठल्या खुर्चीवर बसले होते.

२

नाकाची भानगड अशी की मी मास्तरांच्या स्टुडिओत मातीकाम करते. मास्तर म्हणजे मोठे शिल्पकार. शहरातल्या निम्म्या चौकांत कबुतरं बसतात ती त्यांच्याच पुतळ्यांवर. त्या वर्षी आमच्याकडे राष्ट्रीय युद्धस्मारकाचं काम आलं होतं आणि ते करायचं होतं त्या फोटोवरून. नुसतं 'तो फोटो' म्हटलं की पुरतं. शाळेच्या पुस्तकाच्या कव्हरवर तो, टपालाच्या तिकिटावर तो, सरकारी कचेरीत घड्याळाच्या शेजारी तो. चिखलाचं सपाट मैदान, त्यातून जखमीला स्ट्रेचरवर घालून खांद्यावरून नेणारे चार सैनिक, आणि मागे लांबवर वीटभट्टीचं अर्धवट पडलेलं धुराडं. पुढच्या दोघांपैकी बघणाऱ्याच्या बाजूचा, मिसरूड नुकतंच फुटलेला, मान जराशी खाली घातलेला, ते आमचे आजोबा.

स्ट्रेचरवरचा जखमी म्हणजे त्यांच्या तुकडीचा आचारी. तो वाचला आणि चांगला म्हातारा होऊन गेला. मी लहान असताना आमच्याकडे यायचा आणि सांगायचा, "सगळ्या देशात आडवा पडून नाव कमावलेला मी एकटाच." बाकीचे तिघेही आपापल्या वेळी, आपापल्या अंथरुणात गेले. उरले होते ते आजोबा. त्यांना तो फोटो कधीच आवडला नाही. घरात लावू दिला नाही. कुणी विचारलं तर म्हणायचे, "मी त्या वेळी कामात होतो. बाहेरून कसं दिसत होतं ते मला काय ठाऊक."

स्टुडिओत आमचा नियम एकच, फोटोत आहे तसं. मागे कुणीतरी एका पुढाऱ्याच्या पुतळ्याचा वाकडा टाय सरळ केला, तर त्याची बायको म्हणाली हे माझे यजमानच नव्हेत. तेव्हापासून आपली अक्कल चालवायला बंदी. फोटोत बघणाऱ्याच्या बाजूच्या दोघांचीही, पुढच्याची आणि मागच्याची, पाण्याची बाटली उजव्या कमरेला दिसत होती, आणि संग्रहालयातून आणलेल्या गणवेशावर तिचा पट्टा होता डावीकडे. मी मास्तरांना विचारलं. ते चष्म्यावरून बघत म्हणाले, "फोटोत कुठेय? उजवीकडे. मग उजवीकडे."

आजोबांना मी स्टुडिओत आणलं ते नाकासाठीच. त्यांनी मातीच्या त्या पाचजणांना एक फेरी घातली. आचाऱ्याचं पाऊल थोपटलं आणि मला म्हणाले, "बराच बारीक केलास याला." मग स्वतःच्या पुतळ्यापाशी आले आणि त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"मी इकडे नव्हतो," ते म्हणाले. "मी पलीकडे होतो. दांडी माझ्या या खांद्यावर होती." त्यांनी उजवा खांदा थोपटला. "आणि ते धुराडं उजव्या हाताला होतं. आघाडीवर जाताना डाव्या हाताला लागायचं, येताना उजव्या. आम्ही येत होतो, याला घेऊन. यात आम्ही निघालोय कुठे?"

मास्तर प्रेमाने हसले. "आजोबा, इतक्या वर्षांत माणसाला काहीच्या काही आठवायला लागतं. कॅमेरा विसरत नाही."

मीही मास्तरांचीच री ओढली. आणि आमचे आजोबा म्हणजे कुणाचं मन न मोडणारा माणूस. दुकानदाराने चुकीचा सदरा बांधून दिला तर तो तसाच घालणारे. "बरं, तुम्ही म्हणता तर इथे," ते म्हणाले. मास्तरांना मानेचा बाक बघायचा होता, म्हणून आजोबा आपल्याच पुतळ्याच्या मागे वाकून उभे राहिले आणि त्यांनी डावा खांदा दांडीखाली दिला.

"बसलं," ते म्हणाले.

"काय बसलं?" मी विचारलं.

"वजन."

आम्ही सगळे हसलो. दांडी आत लोखंडी सळई घालून पक्की उभी केलेली होती. तिला कुणाच्या खांद्याची गरज नव्हती. हे सकाळी झालं आणि संध्याकाळी आजोबांनी मला बटाट्याचं उत्तर दिलं.

३

घरात दिवाळखोरी जाहीर झाल्यासारखी धांदल उडाली. त्या कानात आजवर काय काय ओतलं गेलं होतं ते ज्याचं त्याला ठाऊक. नवऱ्याचा चेहरा तर बघण्यासारखा झाला होता. आईला मात्र आनंद झाला. "बाबांचा कान उघडला," असं तिने शेजारी जाऊन सांगितलं, परत येऊन आजोबांच्या उजवीकडे बसली आणि विचारलं, "बाबा, सूप आणखी वाढू?"

आजोबा खिडकीबाहेर बघत राहिले. तिने पुन्हा विचारलं, मोठ्याने विचारलं. मग त्यांनी मान वळवली, डावा कान तिच्याकडे केला आणि म्हणाले, "काही म्हणालीस का?"

यावर आम्ही सगळ्यांनी आपापली बुद्धी चालवली. मळ इकडचा निघाला असेल आणि तिकडे साचला असेल. वय झालंय. मेंदूचा काही नेम नसतो. शेवटी खुर्च्यांची अदलाबदल झाली आणि दोन दिवसांत घराला नवीन सवय लागली. माणसाला सवय लागायला फार काही लागत नाही.

मग दातांचं निघालं. माझा नवरा दातांचा डॉक्टर आहे आणि आजोबांच्या तोंडातलं जे काही खोटं आहे ते सगळं त्याच्या हातचं. वर उजवीकडे दोन दाढा नव्हत्या, त्या जागी त्याने काढता-घालता येणारे दात बसवून दिले होते. ते बसेनात. आजोबा म्हणाले, "जावईबापू, हे दुसऱ्याचे दिलेत वाटतं." नवऱ्याने त्यांना खिडकीशी बसवलं, आपला छोटा आरसा घेतला आणि तोंडात डोकावला. नेहमी तो असं डोकावताना गाणं गुणगुणतो. या वेळी गुणगुणला नाही. त्याने हात धुतले, पुन्हा बघितलं, पुन्हा हात धुतले.

"उजवीकडच्या दाढा आहेत," तो मला बाहेर येऊन म्हणाला. "डावीकडच्या नाहीत."

"मग तू चुकून त्या बाजूचे..."

"चुकून बनवले? आणि चुकून इतकी वर्षं त्यांनी त्याच दातांनी खाल्लं?"

त्याने नव्याने माप घेतलं आणि डाव्या बाजूचे दात बनवून आणले. ते चपखल बसले. त्या दिवशी तो फार मोठमोठ्याने विनोद सांगत होता.

४

आजोबा दुपारी चहा झाला की फिरायला जायचे. फाटकाबाहेर पडलं की उजवीकडे वळायचं, कोपऱ्यावरच्या बागेतल्या बाकावर बसायचं, ओळखीच्या कुत्र्यांची विचारपूस करायची आणि घरी यायचं. आता ते डावीकडे वळायला लागले. डावीकडे बाग नाही, गावाबाहेर जाणारा रस्ता आहे. मी स्टुडिओतून येताना मला ते भेटायचे, रस्त्याच्या कडेने झपाझप चाललेले, डावा खांदा जरासा उचललेला. गाल लाल, डोळे तेजदार. इतके ठणठणीत ते गेल्या कित्येक वर्षांत दिसले नव्हते. तक्रार करावी असं काही नव्हतंच, आणि कदाचित म्हणूनच मी केली नाही.

"कुठे निघाला होतात?" मी विचारायचे.

"तेच कळत नाहीये," ते खुशीत सांगायचे. "मागचे थांबू देत नाहीत."

एका सकाळी त्यांनी मला हाक मारली. सदऱ्याची बटणं लागत नव्हती. बोटं घोटाळत होती. मी पुढ्यात बसून लावायला घेतली. डाव्या खांद्यावर एक लांबट वळ उठला होता, जड काहीतरी रोज वाहणाऱ्या हमालाला असतो तसा. मी त्यावर बोट फिरवलं. मग छातीवरचं बटण लावताना माझा तळवा त्यांच्या डाव्या बरगड्यांवर टेकला. तिथे ऊब होती, सुरकुतलेली मऊ कातडी होती, आणि बाकी काही नव्हतं.

मी हात तसाच ठेवला. वाट बघितली. मग सहज केल्यासारखा तो पलीकडे सरकवला. उजवीकडे ठोके पडत होते. शांत, जोरकस, तरुण माणसाचे असावेत तसे.

मी बाहेर येऊन स्वतःच्या छातीवर हात ठेवून बघितला. आपल्याला नीट ठाऊक असलेल्या गोष्टीही कधी कधी उलट्यासुलट्या होतात, निदान आज माझंच डावं-उजवं चुकलेलं असावं असं मला मनापासून वाटत होतं. पण माझं हृदय जिथे असायला हवं तिथेच होतं आणि भलतंच धडधडत होतं. मी चहाचं आधण ठेवलं. आईने विचारलं काय झालं, तर म्हणाले काही नाही, दूध उतू जाईल.

५

त्याच आठवड्यात आजोबा जेवताना म्हणाले, "आज बरेच पुढे आलो. आवाज यायला लागला."

"कसला आवाज, बाबा?" आईने विचारलं.

त्यांनी डाव्या कानावर टिचकी मारली, जणू आम्हालाही ऐकू यावा. आम्ही तिघांनी कान दिला. नळ ठिबकत होता. शेजारी कुणीतरी गालिचा झटकत होतं, धप, धप.

"तो शेजारचा गालिचा आहे," नवरा म्हणाला.

"असेल की," आजोबा म्हणाले. कुणाचं मन मोडायचं नाही हा त्यांचा स्वभाव. पण आई उठून गेल्यावर ते माझ्याकडे झुकले आणि हळूच, अगदी समजुतीच्या सुरात म्हणाले, "आचाऱ्याला मात्र कुणी सांगू नका. त्याला वाटतंय आपण घरी चाललोय."

मला तेव्हा पहिल्यांदा खरी भीती वाटली. कानाची नव्हती वाटली, दातांची नव्हती, हृदयाचीसुद्धा एवढी नव्हती. ही वाटली. माझे आजोबा माझ्यासमोर बसून सूप पीत होते आणि रोज थोडे थोडे लांब जात होते, आणि जिथे जात होते तिथून ते एकदा जेमतेम परत आले होते. मला लहानपणी सायकल शिकवणारा, माझ्या परीक्षांच्या वेळी माझ्याइतकाच जागणारा माणूस. मला ते हवे होते. इथेच, या टेबलाशी, या खुर्चीवर.

६

नवऱ्याला मी सगळं सांगितलं. त्याने आधी मला झोप येते का विचारलं, मग जेवण जातं का विचारलं, आणि मग म्हणाला, "तो फोटो दाखव."

मी स्टुडिओतला मोठा केलेला छाप घरी आणला होता, टेबलाएवढा. आम्ही तो खाटेवर पसरला. नवरा त्याच्याभोवती फिरला, गुडघ्यावर बसला, डोळे बारीक केले.

"बाटल्यांचं काय म्हणालीस तू?"

"गणवेशावर पट्टा डावीकडे. यांच्या उजवीकडे."

"दोघांच्याही?"

"हो. धावपळीत घातल्या असतील उलट्या."

"दोघांनीही," तो म्हणाला. "एकाच दिवशी. आणि धुराडं जाताना डावीकडे, येताना उजवीकडे, आणि यात ते डावीकडे." मग म्हणाला, "आमच्या एक्स-रे फिल्मवर एक बारीक फुगीर ठिपका असतो. अंधारातसुद्धा बोटाला लागावा म्हणून. ठिपका आपल्याकडे ठेवून फिल्म धरायची. उलटी धरली, तर दात सगळे छान दिसतात, कुठे काही खटकत नाही, आणि डॉक्टर डावी दाढ समजून उजवी उपटतो. माझ्या वर्गातल्या एकाने उपटली होती."

मी छापाच्या कडांवरून बोट फिरवलं.

"यावर ठिपका नाही," नवरा म्हणाला. "कुणीतरी निगेटिव्ह उलटी धरली. पहिल्याच दिवशी, वर्तमानपत्रात. कदाचित माणसं पानाबाहेर चालल्यासारखी दिसत होती म्हणून मुद्दाम. आणि मग सगळ्यांनी त्यावरूनच छापला."

म्हणजे पुस्तकं, तिकिटं, कचेऱ्या, सगळीकडे ते चौघे इतकी वर्षं उलटे चालत होते. पण कागद तो कागद. त्याला पुढचं अंग असतं, मागचं नसतं, वजन नसतं. आम्ही त्यांना पाठी दिल्या होत्या, पोटऱ्या दिल्या होत्या, खांद्यावर दांडी दिली होती. आणि त्यांतल्या एका जिवंत माणसाला तिथे उभं करून, तू इकडेच होतास, असं त्याच्याकडून कबूल करून घेतलं होतं.

हे मी नवऱ्याला बोलून दाखवलं, तर तो म्हणाला की मी शास्त्रीय माणूस आहे, मला यातलं काही पटत नाही. आणि मग म्हणाला, "उद्याच्या उद्या घेऊन जा त्यांना स्टुडिओत."

७

मास्तरांनी माझं सगळं शांतपणे ऐकून घेतलं. छाप आरशात धरून बघितला. बाटल्या डावीकडे गेल्या, धुराडं उजवीकडे गेलं. त्यांनी आरसा पालथा घातला.

"पोरी, तू म्हणतेस ते खरं असेल," ते म्हणाले. "पण हा फोटो लोकांच्या डोळ्यांत बसलाय. उद्या मी त्यांना उलट्या दिशेला चालवलं, तर लोक म्हणतील मास्तरांना साधी नक्कल करता आली नाही. साचे घ्यायचेत आता. फोटोत आहे तसं."

त्यांच्याशी भांडून उपयोग नव्हता. मी जेवणाच्या सुट्टीची वाट बघितली आणि सगळे खानावळीत गेल्यावर आजोबांना आत घेतलं. स्टुडिओ मोठा, काचेच्या छताचा. दुपारचं ऊन सरळ फरशीवर पडलं होतं. माती वाळू नये म्हणून पाचही जणांना ओली फडकी गुंडाळलेली. कुठेतरी एक पाण्याचा थेंब बादलीत पडत होता.

मी त्यांच्या डाव्या कानाशी तोंड नेलं. "आजोबा, आमचं चुकलं. तुम्ही म्हणत होतात तेच बरोबर. फोटो उलटा छापलाय. तुम्ही पलीकडेच होतात. धुराडं उजव्या हाताला होतं."

त्यांचा सगळा चेहरा हसला. "तरी मी म्हणत होतो," ते म्हणाले. "माझ्या पायांना कळत होतं गं. पण तुम्ही शिकलेली माणसं."

"आता कुणाचं ऐकू नका. माझंही ऐकू नका. तुमच्या जागी जा."

ते पुतळ्यांना वळसा घालून पलीकडे गेले. वाकले. उजवा खांदा दांडीखाली दिला. "हं," ते म्हणाले. आणि मग दात आवळून, मी त्यांच्या तोंडून कधी न ऐकलेल्या आवाजात, "वळा रे. वळा. आचाऱ्याला घरी न्यायचंय."

ते थरथरायला लागले. मी धावत जाऊन त्यांच्या कमरेला मिठी मारली. माझं एक मन मला सांगत होतं की म्हातारा माणूस लोखंडी सळईला रेटतोय, दम लागणारच. ते बरोबरच असेल. मी मान वर केली तेव्हा दांडीच्या पलीकडे, अगदी समोर, त्यांचा तरुण पुतळा होता. चेहऱ्यावरून ओलं फडकं चापून बसलं होतं. तोंडाच्या जागी ते फडकं आत ओढलं गेलं. मग फुगलं. मग पुन्हा आत ओढलं गेलं.

मी खिडक्या बघितल्या. बंद होत्या. पंखा बघितला. तोही बंद होता. परत बघायचं धाडस झालं नाही.

आजोबा माझ्या हातांतून घसरून खाली बसले आणि हसायला लागले. मी त्यांच्या सदऱ्यात हात घातला. डावीकडे. तिथे ठोके होते, म्हाताऱ्या माणसाचे, एखादा चुकणारे. मी त्यांच्या डाव्या कानात म्हणाले, "आजोबा, नाक खरंच बटाट्यासारखं आहे तुमचं." ते शांतपणे छताकडे बघत राहिले. कुणी माझं बोलणं ऐकलं नाही याचा इतका आनंद मला जन्मात झाला नव्हता. मी तिथेच फरशीवर बसून रडले.

"मी सुटलो," थोड्या वेळाने ते म्हणाले. त्यांनी मान वळवून पुतळ्याकडे बघितलं. "तो नाही सुटला. पोर आहे ते. मागचे रेटतील तसं जाईल."

८

नवऱ्याने डाव्या बाजूचे दात कचऱ्याच्या डब्यात टाकले आणि उजव्या बाजूचे घासूनपुसून परत बसवले. खुर्च्या पूर्वीच्या जागी आल्या. आई म्हणाली, "बाबांचा कान पुन्हा गेला," आणि बरेच दिवस साचलेलं सगळं त्या कानात एका दमात सांगून मोकळी झाली.

साचे झाले, काशाचं ओतकाम झालं. स्मारक चौकात उभं राहिलं. समारंभाला बँड होता, भाषणं होती. पडदा ओढला गेला तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि म्हणाले, हुबेहूब. आजोबा पहिल्या रांगेत होते. ते पुतळ्यांकडे बघत नव्हते, पुतळ्यांच्या पुढे किती मोकळी जागा आहे ते बघत होते.

दुसऱ्या दिवसापासून त्यांचं फिरणं बदललं. बाग सोडली, चौक धरला. रोज दुपारी मी त्यांना नेऊन सोडायचे. ते चौथऱ्याच्या तीन पायऱ्या चढायचे, पुढच्या दोघांच्या वाटेत उभे राहायचे आणि स्वतःच्या तरुण काशाच्या छातीवर तळवा ठेवून त्याच्याशी बोलायचे. पहारेकरी ओळखीचा झाला. तो त्यांना खुर्ची आणून द्यायचा, ते बसायचे नाहीत. शाळेच्या सहलीतली मुलं त्यांच्याबरोबर फोटो काढून घ्यायची. एका वर्तमानपत्राने 'जुन्या साथीदारांची भेट' असं सुंदर छापलं.

थंडी सरता सरता कंत्राटदाराची माणसं पुतळे चौथऱ्याला जखडणारे बोल्ट तपासायला आली. सगळे बोल्ट वाकले होते, पुढच्या अंगाला. उन्हाने धातू फुगतो, असं ते म्हणाले. मी ते लगेच मान्य केलं, घरी येऊन नवऱ्यालाही पटवलं, आणि आम्ही दोघं त्या दिवशी फार खेळीमेळीने वागलो.

मग आजोबांना ताप आला. साधाच होता, डॉक्टर म्हणाले तीन-चार दिवस अंथरुणात राहू दे. पण ते पडून राहायला तयार नव्हते. दुपार झाली की उठून बसायचे. "आज कोण थांबलंय तिथे?" आईने त्यांना दटावलं. त्यांनी माझ्याकडे बघितलं. त्या नजरेत आर्जव होतं आणि मला ते सहन झालं नाही. मी म्हणाले, "मी जाते. तुम्ही पडा." ते लगेच आडवे झाले आणि डोळे मिटले.

चौकात लख्ख ऊन होतं. फुगेवाला होता, बाकांवर माणसं डबे उघडून बसली होती. पहारेकऱ्याने विचारलं, "आज आजोबा नाहीत?" मी म्हणाले, जरा बरं नाहीये. पायऱ्या चढले. इतक्या लोकांत फार विचित्र वाटत होतं. आपण घडवलेल्या पुतळ्यापुढे आपणच हात पुढे करून उभं राहायचं म्हणजे काय. तरी मी उजवा तळवा त्या छातीवर ठेवला. कासं तापलं होतं. एवढं तर होणारच, ऊन होतं.

मग मला वाटलं मीच झुकले आहे, म्हणून मी ताठ उभी राहिले. तेव्हा कळलं की मी झुकलेली नाही. तळव्यावर भार येत होता. धक्का नव्हता, झटका नव्हता. रांगेत मागचा माणूस न बोलता आपल्यावर रेलतो ना, तसा सावकाश, न थांबणारा भार. माझी टाच फरशीवरून हलकेच मागे सरकली. मी ती पुन्हा रोवली. दुसरा पाय मागे घेतला आणि अंगातली सगळी ताकद हातात आणली.

"ताई, जरा बाजूला होता का?" खालून एक बाई म्हणाली. तिच्या हातात कॅमेरा होता, शेजारी दोन मुलं ओळीने उभी. "पुतळा पूर्ण येत नाहीये."

"तुम्ही काढा," मी हसून म्हणाले. "मला इथेच थांबायचंय."

एका हाताने मी पिशवीतून फोन काढला आणि नवऱ्याला लावला. मागे त्याच्या दवाखान्यातलं मशीन गुरगुरत होतं. मी म्हणाले, दवाखाना बंद कर आणि चौकात ये. येताना आईला घे, तुझ्या कंपाउंडरला घे, भेटेल त्याला घे.

"का गं?" तो म्हणाला. "काय झालं?"

माझा पाय पायरीच्या कडेला लागला होता.

"माझ्या एकटीच्याने थांबत नाहीयेत ते," मी म्हणाले.